ट्यूलिपखाली गेलेलं घर

भातकापणीचे दिवस आले की मला एका कोरियन माणसाचा राग येतो. माणूस जाऊन कैक वर्षं झाली. त्याची माझी भेट होणं शक्यच नव्हतं. तो तिकडे सिनेमे काढत होता तेव्हा माझे आजोबा गव्हाणच्या पलीकडे खाडीकाठी मिठागरात राबत होते, आणि दोघांनाही एकमेकांचा देश कुठल्या दिशेला आहे हे सांगता आलं नसतं. तरी ऑक्टोबरचं ऊन चढलं, सकाळच्या हवेत जरासा पेंढ्याचा वास आला, की तो आठवतो आणि माझं दिवसभर डोकं फिरलेलं राहतं. नवरा म्हणतो, तुला पित्ताचा त्रास आहे. असेलही.

आता पेंढ्याचा वास तरी कुठून येणार म्हणा. आम्ही उलव्यात राहतो. खिडकी उघडली की सिमेंटची धूळ येते, बंद केली की घर भाजतं. समोर अर्धवट इमारती, त्यांच्या डोक्यावर क्रेन, आणि त्या क्रेनच्याही वरून आता विमानं. यंदा सासरी आपट्याला गेले होते. पाताळगंगेच्या काठाला अजून थोडी शेतं उरली आहेत, तिथे भात कापून पसरलं होतं. परत येताना तो वास साडीला लागून आला. घरी येऊन साडी बदलतेय तोच फोनवर निरोप वाजला. पनवेलच्या आमच्या फिल्म क्लबचा. येत्या रविवारी सकाळी त्याच कोरियन दिग्दर्शकाचा सिनेमा, हरवलेला, नुकताच सापडलेला, नव्याने स्वच्छ केलेला. रसिकांनी लाभ घ्यावा. खाली जोडलेले हात.

त्याचं नाव मी लिहीत नाही. क्लबातही कोणाला ते धड उच्चारता यायचं नाही, सगळे त्याला ‘आपला कोरियन’ म्हणायचे. या ‘आपला’ शब्दावरही माझा राग आहे.

ज्या वर्षी विमानतळासाठी आमचं गाव उठलं त्या वर्षी गावात भातकापणी झालीच नाही. शेतांवर आधीच भराव पडला होता. आईने मात्र सवयीने विळ्यांना धार लावून आणली. आणल्यावर तिच्या लक्षात आलं, की कापायला काही नाही. मग तिने ते विळे जुन्या लुगड्यात गुंडाळून ट्रंकेच्या तळाशी ठेवले. ते विळे अजून तसेच आहेत, धार लावलेले.

सोमवार ते शनिवार मी पनवेलच्या शाळेत इतिहास शिकवायची आणि संध्याकाळी माहेरी जाऊन गाव मोडताना बघायची. आमच्या लोकांनी घरं स्वतःच्या हातांनी उतरवली. यंत्राने पाडलं तर कौलं फुटतात, वासे मोडतात, म्हणून. वर चढून एकेक कौल खालच्या हातात द्यायचं, दाराची चौकट ठोकून सैल करायची, देवळीतला देव ताटात घ्यायचा. पलीकडे डोंगराला सुरुंग लागायचे. धमाका झाला की वरचा माणूस क्षणभर थांबायचा आणि परत कौल उचलायचा. सगळ्यांच्या पापण्या पांढऱ्या झालेल्या असायच्या. रडणं वगैरे फारसं नव्हतं. भांडणं होती, कोणाचा वासा कोणी नेला यावरून.

आणि रविवारी मी सिनेमा बघायला जायची. स्टाफरूममधल्या एका मैत्रिणीने क्लबात नेलं होतं, म्हणाली, जरा डोकं दुसरीकडे जाईल तुझं. त्या हंगामात दर रविवारी एक, असे त्या कोरियनाचे जेवढे उरले होते तेवढे सिनेमे तिथे लागले. डोकं दुसरीकडे गेलं नाही. पहिल्याच रविवारी पडद्यावर डोंगरउतारावरच्या झोपड्या आल्या, फळ्या आणि पत्रे ठोकून उभ्या केलेल्या, आणि एक बाई शिलाई मशीन डोक्यावर घेऊन ती चढण चढत होती. युद्धात घर गेलेली. मशीन ठेवायला सपाट जागा मिळत नाही म्हणून ती खाली दगड लावते, मशीन डुगडुगतं, ती परत दगड लावते. बस, एवढंच कितीतरी वेळ चाललेलं. मी पदराने तोंड दाबून बसले होते.

हा माणूस स्वतः उत्तरेकडून पायी पळून आलेला. युद्ध थांबलं तेव्हा त्याच्याकडे एक जुना कॅमेरा होता आणि राहायला काही नव्हतं. स्टुडिओ जळलेले, म्हणून तो रस्त्यावरच शूटिंग करायचा. फिल्म मिळायची ती कोणाच्या तरी उरलेल्या तुकड्यांची. असे चार-पाच सिनेमे त्याने काढले, आणि ते बघून मला वाटलं होतं, की हा आमच्या ओटीवर येऊन बसला असता तर आईने त्याला भाकरी वाढली असती.

मग त्याच्या देशात लष्कराचं राज्य आलं. प्रत्येक गोष्ट आधी मंजूर करून घ्यायची. रडका शेवट चालणार नाही, हसरा जोडा. त्याने जोडला. वर्षाला ठरलेले सिनेमे काढले नाहीत तर कंपनी बंद, म्हणून तो एका हाताने एक आणि दुसऱ्या हाताने दुसरा असे भराभर उरकायला लागला. आणि एका रविवारी आम्हाला त्याचा तो रंगीत सिनेमा दाखवला. सरकारसाठी काढलेला. त्यात खेड्यातले लोक गाणी म्हणत आपल्या घरांवरचा पेंढा ओढून काढतात आणि नवीन छपरं घालतात. एक म्हातारी तेवढी पेंढा सोडायला तयार नसते. तिला सगळे मिळून हसत हसत समजावतात. शेवटी तीही हसते. ज्या माणसाने त्या डुगडुगणाऱ्या मशीनजवळ कॅमेरा रोवून ठेवला होता, त्याने ही म्हातारी हसवली. आदल्याच संध्याकाळी मी आमच्या घरावरची शेवटची कौलं उतरलेली बघून आले होते. मला त्या माणसाच्या कानाखाली वाजवावीशी वाटली.

सिनेमानंतर चहा असायचा. क्लबचे अध्यक्ष म्हणजे निवृत्त इंजिनिअर, पुण्याहून येऊन नवीन पनवेलात स्थायिक झालेले, स्वभावाने भले गृहस्थ. त्यांनी समजावून सांगितलं, की त्या रंगीत सिनेमाकडे परिस्थितीच्या संदर्भात पाहिलं पाहिजे, कलावंताला जगावंही लागतं. मी म्हटलं, त्या म्हातारीलाही जगायचं होतं. ते हसले, माझ्या खांद्यावर वडीलकीने हात ठेवला आणि विचारलं, तुम्ही त्या विमानतळाच्या गावातल्या ना? मग म्हणाले, ‘‘पण तुम्हा लोकांचं भलं झालं हो. प्लॉट मिळाले ना तुम्हाला?’’

मशीनवालीच्या सिनेमाला याच माणसाने डोळे पुसले होते. तसा सगळा हॉलच रडायचा, दर रविवारी. कोरियातल्या डोंगरावरून कोणी उठवलं गेलं की नाकं ओढल्याचे आवाज यायचे. आणि बाहेर, दोन-चार किलोमीटरवर, तोच प्रकार दिवसाढवळ्या चालला होता, त्याची धूळ यांच्या गाड्यांच्या काचांवर बसत होती, ती पुसून हे सिनेमाला येत होते. प्लॉट मिळाले, हो. आमच्यातल्या काहींनी गाड्या घेतल्या, गळ्यात साखळ्या घातल्या, स्वतःच बिल्डर झाले आणि दुसऱ्यांना टॉवर बांधून देतायत. त्यांचाही मला राग येतो. पण तो आमचा आमच्यातला राग आहे, चहाच्या कपाबरोबर बाहेरच्याच्या हातात द्यायचा नाही.

तरी मी मूर्खासारखं एक दिवस म्हटलं, की आमच्या गावाचाही सिनेमा आहे एका अर्थी. लग्नाच्या कॅसेटी आहेत घरोघर. हळदीची वरात सगळ्या आळ्यांतून फिरते, विहीर, देऊळ, माणसं, सगळं त्यात आलेलं असणार. एखाद्या रविवारी तुकडे जोडून दाखवू. अध्यक्षांच्या शेजारी उभ्या असलेल्या बाई हसल्या. लग्नाचे व्हिडिओ? अध्यक्ष म्हणाले, कल्पना छान आहे, पण आपल्या क्लबचा एक दर्जा आहे. मी कप खाली ठेवला आणि निघाले. मनात म्हटलं, आधी तयार करते आणि मग यांच्या तोंडावर नेऊन लावते.

म्हणून त्या संध्याकाळी मी दामूकाकाकडे गेले.

दामूकाका म्हणजे माझ्या बाबांचा चुलतभाऊ. आमच्या आणि आसपासच्या गावांत मोठ्या कॅसेटच्या जमान्यापासून लग्नांचं शूटिंग त्यानेच केलं. खांद्यावर धोंड्याएवढा कॅमेरा, मागे दिवा धरून एक जण, आणि ‘‘इकरं बघा, हसा’’ असं ओरडत उलट्या पावलांनी वरातीपुढे चालणारा काका. त्याच्याशिवाय आमच्याकडे लग्न लागलं असं कोणाला वाटायचंच नाही. माझंही लग्न त्यानेच काढलं. आणि मला फक्त एक गोष्ट हवी होती. पाठवणीच्या वेळी मी घरातून निघाले तेव्हा बाबा दारात उभे होते. फोटोवाला त्या वेळी जेवायला बसला होता, त्यामुळे फोटो नाही. बाबा गाव उठायच्या आधीच गेले. बरं झालं, हे दिवस बघावे लागले नाहीत, असं तेव्हा सगळे म्हणाले, आणि मला त्या प्रत्येकाचा राग आला. आता घरही गेलं होतं. आमचं दार आणि त्या दारातले बाबा हलताना बोलताना कुठे असतील, तर त्या एका कॅसेटमध्ये.

कॅसेट माझ्याकडे होती. पण ज्यांनी त्या काळातली लग्नं बघितली आहेत त्यांना माहीत आहे, की मिक्सिंग नावाचा प्रकार असायचा. शूटिंग झालं की काका मुंबईला जाऊन कॅसेट मिक्स करून आणायचा. कबुतरं उडायची, पाकळ्या पडायच्या, नवरा-नवरी धबधब्यात उभे राहायचे. इफेक्ट जितके जास्त तितकं लग्न भारी. माझ्या सासरच्यांनी सगळ्यात भारी मिक्सिंग सांगितलं होतं. त्यामुळे पाठवणीला काय दिसतं, तर पडद्याच्या मधोमध एक बदाम, त्या बदामात रडणारी मी, आणि भोवती दूरवर पसरलेलं ट्यूलिपचं शेत. लाल, पिवळे, जांभळे ट्यूलिप, आणि मागे एक पवनचक्की. त्या ट्यूलिपच्या खाली आमची ओटी, दार, बाबा, आई, सगळं गाव. एकदाच बदामाच्या कडेतून एक हात आत येतो, माझ्या डोक्यावर टेकतो आणि जातो. मनगटापर्यंतच दिसतो. बाबांचा हात.

मी काकाला म्हटलं, मिक्सिंगच्या आधीची कॅसेट दे. काकाने मान हलवली. ती कुठून असणार. एक लग्न मिक्स झालं, की त्याच कॅसेटवर दुसऱ्याचं लग्न घ्यायचं, मग तिसऱ्याचं. माझ्या पाठवणीवर गव्हाणच्या कोणाची तरी हळद चढली होती, त्या हळदीवर आणखी कोणाचा साखरपुडा. दुसऱ्यांच्या कॅसेटींतही तेच, जिथे जिथे गाव होतं तिथे तिथे धबधबे, बगिचे, बर्फाचे डोंगर. मी त्याला खूप बोलले. स्वतःचं गाव असं कोणी पुसतं का, म्हटलं. तो मोडलेल्या घरांपुढे वाशांच्या ढिगावर बसला होता, वर न बघता म्हणाला, ‘‘लोकांनाच पायजे व्हता ता, बाय. आपला गाव कोनाला बघाचा व्हता? रोज तं दिसत व्हता.’’

पुढच्याच रविवारी क्लबात कोणीतरी सांगितलं, की आपल्या कोरियनाचे निम्म्याहून जास्त सिनेमे का उरले नाहीत. थिएटरात चालून जुन्या झालेल्या फिल्मच्या पट्ट्या भंगारात जायच्या आणि तिकडचे टोपीवाले त्या विकत घ्यायचे. पेंढ्याच्या टोप्या विणल्या, की काठाला चकचकीत पट्टी लागते, ती फिल्मची कापून लावायचे. म्हणजे त्याचे सिनेमे शेतकऱ्यांनी उन्हातान्हात भात कापताना डोक्यावर घालून झिजवले. हॉलमध्ये सगळे हळहळले. मला तेव्हा पहिल्यांदा बरं वाटलं, दुष्टपणाने बरं वाटलं. हसवलीस ना म्हातारी, म्हटलं, मग घाल आता टोपीला. दुसऱ्या बाजूने मला माझं ट्यूलिपचं शेत दिसत होतं आणि काकाचा गळा धरावासा वाटत होता. हे दोघे मला तेव्हापासून वेगळे करता येत नाहीत. एकाची आठवण आली की दुसरा येतोच.

त्या हंगामानंतर मी क्लबात गेले नाही. काकाशी बोलणं ठेवलं, पण लग्नाकार्यापुरतं.

यंदाच्या त्या रविवारी मात्र गेले. का गेले ते सांगता येणार नाही. साडीला पेंढ्याचा वास होता म्हणून, असं म्हणू या. अध्यक्ष आता काठी घेऊन चालतात. मला ओळखून म्हणाले, बऱ्याच दिवसांनी, अगदी विमानतळ झाल्यावर आलात. मी हसले नाही.

सिनेमा त्याच्या पहिल्या दिवसांतला होता, झोपड्यांच्या काळातला. कुठल्याशा गोदामात सापडलेला. एक बाप, एक मुलगी, आणि उद्या पाडायची झोपडी. मध्येच पडदा काळा झाला. मला वाटलं लाईट गेली. पण माणसांचं बोलणं चालू होतं, मुलगी काही विचारत होती, बाप उत्तर देत होता, भांडं आपटल्याचा आवाज आला. खाली एक ओळ आली, की या भागाचं चित्र हरवलं आहे, फक्त आवाज शिल्लक आहे. आणि तो अंधार तसाच कितीतरी वेळ चालला. कोणी खोकलं नाही. कोणी फोन काढला नाही. सगळा हॉल त्या काळ्या पडद्याकडे मान ताठ करून बघत बसला होता.

मी आधी चिडले. या लोकांना कोरियाचा अंधारसुद्धा बघायला वेळ आहे. मग हळूहळू दुसरंच लक्षात आलं. ज्यांनी हा सिनेमा साफ केला त्यांना त्या जागी काहीही भरता आलं असतं. दुसऱ्या सिनेमाची झोपडी, चार फुलं, एखादा डोंगर. त्यांनी भरलं नाही. नाही ते नाही, असं सरळ दाखवलं. दिवे लागायच्या आत मी उठले, घरी जाऊन कपाटातून कॅसेट काढली आणि काकाच्या स्टुडिओत गेले.

काकाचा स्टुडिओ आता उलव्यातच आहे, काचेचा दरवाजा, आत एसी. ड्रोनने शूटिंग होतं, नवरा-नवरी लग्नाआधीच आपट्याच्या नदीत पाय सोडून बसतात. काका आता कॅमेरा धरत नाही, हात थरथरतो. जुन्या कॅसेटी कॉम्प्युटरवर उतरवून देण्याचं काम तेवढं करतो. मी कॅसेट त्याच्यापुढे ठेवली आणि म्हटलं, ‘‘काका, यातले ट्यूलिप काढ.’’

त्याने माझ्याकडे बघितलं. ‘‘खाली काय नाय, बाय. काला परल.’’

‘‘पडू दे काळा. गाणंही काढ.’’

तो वाद घालायला गेला नाही. चष्मा लावून बसला. कॅसेट उतरली, बदाम आला, ट्यूलिप आले, पवनचक्की आली. त्याने ती सगळी जागा काळी केली. मग गाणं काढायला घेतलं. गाणं आवाजाच्या एका पट्टीवर होतं. खाली दुसरी पट्टी होती, तिची रेघ जवळजवळ सपाट. काका स्वतःशी पुटपुटला, की मिक्सिंगवाला मूळ आवाज दाबून ठेवायचा, काढून टाकायचं काम कोण करणार. त्याने गाणं काढलं आणि ती सपाट रेघ वर ओढली.

आधी नुसती खरखर. मग बाया. रडणं, बांगड्या, कोणीतरी कोणाला चप्पल शोधायला सांगतंय. काळ्या पडद्याच्या मध्ये माझं रडणं, आता माझ्याच आवाजात. बदामाच्या कडेतून हात आला, डोक्यावर टेकला. आणि त्या हाताच्या मागून, अंधारातून, बाबांचा आवाज आला. रागावलेला. बाबा नेहमी रागावूनच बोलायचे, मी त्यांच्यावर गेलेय.

‘‘दाम्या, नुसता पोरीला काय दाखवतंस? मागं सर जरा. घर पन येऊ दे त्यान.’’

लगेच कॅमेऱ्याच्या अगदी जवळून दुसरा आवाज आला, तरणा, घाईतला, हसरा. ‘‘आलाय दादा, आलाय. सगला आलाय.’’

काकाने बटण दाबून थांबवलं. बाहेर रस्त्यावरून एक डंपर गेला, काच थरथरली. मी इतकी वर्षं सांभाळलेला राग तोंडात घेऊन बसले होते, आणि तो त्याच्यावर टाकायला माझ्याकडे आता जागा राहिली नव्हती, कारण बाबांनी त्याला जे सांगायचं ते तेव्हाच सांगून ठेवलं होतं. त्याचा हात माऊसवरच होता. चष्म्याआड काय होतं ते मी बघितलं नाही.

मग तो परत कॉम्प्युटरकडे वळला. समोर काळा पडदा, मध्ये बदामात मी. जन्मभराची सवय, दुसरं काय. मला विचारलं, ‘‘हितं आता काय टाकू, बाय?’’

‘‘काही टाकू नकोस,’’ मी म्हटलं. ‘‘बाबा म्हणाले ना, घर येऊ दे. ती जागा घराची आहे.’’